वनराज भाटिया हे फक्त समांतर सिनेमाचे संगीतकार होते का?

नाही. श्याम बेनेगल आणि गोविंद निहलानी या दिग्दर्शकांच्या चित्रपटांमुळे तसा शिक्का बसला इतकंच. मुंबईत 1927 साली जन्मलेले भाटिया लंडनच्या रॉयल अकॅडमीत आणि नंतर पॅरिसला नामवंत संगीतशिक्षिका नादिया बुलांजे यांच्याकडे पाश्चात्त्य संगीत शिकले. परत आल्यावर पोट भरलं ते जाहिरातींवर. त्यांच्या जिंगल्स काही हजारांच्या घरात जातात! सिनेमा आला पुष्कळ नंतर, 1974 च्या 'अंकुर'पासून.

माझ्या मते ही जाहिरातींची तालीमच त्यांना पुढे कामी आली. काही सेकंदांत वातावरण उभं करायचं, तेही दर वेळी वेगळ्या ढंगात. 'भूमिका' (1977) ऐकून बघा. अभिनेत्री हंसा वाडकरांच्या 'सांगत्ये ऐका' या आत्मकथनावर बेतलेला हा चित्रपट, आणि त्यातली गाणी खरोखर जुन्या काळातल्या सिनेमातली वाटतात. 'मंथन'मधलं प्रीती सागर यांचं 'मेरो गाम काठा पारे' तर पुढे अमूलच्या जाहिरातीतून घराघरात पोहोचलं.

टीव्हीवरचं त्यांचं सगळ्यात मोठं काम म्हणजे 'भारत एक खोज'चं शीर्षकसंगीत. ऋग्वेदातलं नासदीय सूक्त, आधी संस्कृत, मग हिंदी, आणि तेही समूहस्वरात. रविवारी सकाळी दूरदर्शन लावणाऱ्या पिढीच्या अंगावर त्याने अजून काटा येतो. निहलानींच्या 'तमस'साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 2012 साली पद्मश्री.

बाकी, गिरीश कर्नाडांच्या नाटकावरून त्यांनी 'अग्निवर्षा' हा ऑपेराही लिहायला घेतला होता. तो मात्र फार थोड्यांना माहीत आहे.