पानेलाकाला चाळ म्हणावे का?

प्रागवरच्या लेखाचा अनुवाद करताना 'पानेलाक' हा चेक शब्द अडला; समाजवादी काळातल्या त्या ठोकळेबाज इमारतींना 'चाळ' म्हटले तर चालेल का, असा प्रश्न आहे.

माझ्या मते नाही. चाळ म्हटली की सामाईक गॅलरी आलीच, आणि तशी घरे प्रागमध्ये खरोखरच आहेत. घराच्या आतल्या चौकाभोवती फिरणाऱ्या त्या गॅलरीला 'पाव्लाच' म्हणतात. झिझ्कोव्हसारख्या जुन्या कामगार भागात ही घरे दिसतात; 'चाळ' त्यांच्यासाठी राखून ठेवा. पानेलाकात आलेल्या कुटुंबाला मिळाले ते उलट : स्वतःची मोरी, नळाला गरम पाणी, दार लावून घेता येईल असा फ्लॅट.

मूळ शब्द 'पानेलोवी दूम', म्हणजे कारखान्यात ओतलेल्या काँक्रीटच्या पॅनेलांचे घर. असे जोडशब्द आखडून शेवटी 'आक' लावायची चेक बोलीला हौसच आहे. 'पॅनेलघर' मात्र नको. आपल्याकडे पॅनेल म्हटले की सोसायटीची निवडणूक डोळ्यांपुढे येते. तशी सोसायटी तिथेही होतीच. साठच्या दशकापासून कितीतरी पानेलाक सहकारी संस्थांनी बांधले, त्यात रहिवाशांनी पदरचे पैसे घातले होते.

'खुराडे' हा शब्दही सुचेल. सशांची खुराडी ही शेलकी उपमा नाटककार आणि पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या व्हाक्लाव्ह हावेल यांच्याही तोंडची. पण ती शिवी झाली. पानेलाक हे तिथे राहणाऱ्याने सहज उच्चारलेले नाव आहे. १९८९ मध्ये समाजवादी राजवट कोसळल्यानंतर या वसाहतींची झोपडपट्टी होणार असे भाकीत होते. झाले वेगळेच. पालिकांनी बरीच घरे भाडेकरूंनाच विकली. मालक होताच लोकांनी पहिला हातोडा घातला तो न्हाणीघरावर, कारण त्याच्या भिंती 'उमाकार्ट' नावाच्या पातळ तक्त्यांच्या होत्या, सनमायकासारख्या. तिथे विटांची भिंत आली. बाहेरून थंडी अडवणारे अस्तर चढले आणि त्यावर पिस्ता, पिवळा, गुलाबी असे मिठाईच्या दुकानातले रंग. मला ते रंग बघवत नाहीत, पण राहायचे त्यांना आहे. आज सुमारे एक तृतीयांश चेक लोक पानेलाकात राहतात, डॉक्टर आणि बसचालक एकाच जिन्यावर.

तेव्हा पहिल्या उल्लेखात 'पानेलाक, म्हणजे काँक्रीटच्या तयार पॅनेलांची बिल्डिंग' असे लिहा, पुढे नुसते पानेलाक. 'इमारत'च्या ओढीने स्त्रीलिंगी करू नका. चेकमध्ये तो पुल्लिंगी आहे आणि मराठीतही तसाच नीट चालतो : तो पानेलाक, ते पानेलाक, पानेलाकात.