एनजी टेकही बघ

प्रिय तरुण मित्रास,
अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र मिळाले. साठ तासांचे रशेस, म्हणजे न कापलेले चित्रीकरण, हाताशी तीन आठवडे, आणि सेटवर ओके झालेल्या टेकवरच रफ कट, म्हणजे संकलनाचा पहिला कच्चा खर्डा, बांधावा असा निर्मात्याचा आग्रह. अशा वेळी काय करावे, असे तू विचारतोस. सगळे रशेस स्वतः बघ. एनजी, म्हणजे ‘नो गुड’ असा शेरा मारून बाद केलेले टेक बघ, क्लॅप (टेकच्या सुरुवातीला वाजवायची पाटी) लागण्याआधीचे आणि ‘कट’ म्हटल्यानंतरचे सेकंदही बघ.

सेटवर टेक ओके ठरतो, कारण संवाद चुकलेला नसतो आणि फोकस सुटलेला नसतो. पण तो शॉट पुढे कोणत्या शॉटला लागून बसणार आहे, हे तेथे कोणालाच ठाऊक नसते. १९२० च्या सुमारास रशियन दिग्दर्शक लेव्ह कुलेशोव्ह यांनी एकच निर्विकार चेहरा कधी सूपच्या वाडग्याला, कधी शवपेटीतल्या स्त्रीला जोडून दाखवला आणि प्रेक्षकांना त्यात निरनिराळे भाव दिसले, असे त्यांचे शिष्य, दिग्दर्शक पुदोवकिन यांनी लिहून ठेवले आहे. शॉटचा अर्थ शेजारामुळे ठरत असेल, तर शेजार ठरण्याआधीच त्याला बाद करणारा कंटिन्युइटी शीटवरचा (सेटवर प्रत्येक टेकची नोंद होते त्या कागदावरचा) शेरा तू अखेरचा निकाल का मानतोस?

घर सोडून निघालेल्या मुलीचा एक प्रसंग मी कापत होतो. वडिलांचे सगळे ओके टेक चोख होते आणि तरीही प्रसंग कोरडा राहत होता. एका एनजी टेकमध्ये, क्लॅपच्या आधी, तो नट चष्मा पुसता पुसता थांबून दाराकडे बघत होता. ते तीन सेकंद, म्हणजे बहात्तर फ्रेम, मुलीच्या शेवटच्या वाक्यानंतर ठेवले आणि वडिलांचा पुढचा संवाद काढूनच टाकला.

स्टीनबेकवर, म्हणजे फिल्मची रिळे फिरवून संकलन करायच्या टेबलावर, हवा तो शॉट गाठायला रीळ फिरवावे लागे, त्यामुळे न शोधलेलेही डोळ्यांखालून जाई. आता क्लिपवर क्लिक केले की तीच उघडते. म्हणून जे पूर्वी आपोआप घडे, ते तुला ठरवून करावे लागेल. कोणते सॉफ्टवेअर शिकू, हा तुझा दुसरा प्रश्न मी बाजूला ठेवतो. ते महिन्याभरात येईल.

या हट्टापायी माझ्या हातून कामे गेली. ‘संथ’ हा शिक्का बसला, आणि ज्याच्याशी जिव्हाळा होता त्या दिग्दर्शकाने पुढचा चित्रपट दुसऱ्याला दिला, याचे दुःख आजही आहे. तरीही न बघितलेल्या रशेसवर मी कट बांधला नाही, आणि तेच योग्य होते असे मी आजही म्हणेन. ‘अपोकॅलिप्स नाऊ’च्या (१९७९) संकलकांपुढे २३० तासांहून अधिक चित्रीकरण होते. तुझे साठ तास रोज दहा तासांप्रमाणे सहा दिवसांत संपतात. निर्मात्याला हा हिशेब आजच लेखी कळव. उद्या पहिल्या दिवसाच्या पहिल्या स्लेटपासून, म्हणजे पहिल्या शॉटपासून, सुरुवात कर, मूळ वेगाने बघ, आणि जेथे मान आपोआप पुढे झुकेल तेथला टाइमकोड, म्हणजे फ्रेमची नेमकी वेळ, वहीत टिपून ठेव.