शिबिराला कोण आले नाही, ते आधी पाहा

प्रिय तरुण सहकाऱ्यास,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले आणि सोबतचा आराखडाही मी दोनदा वाचला. कर्मचारी आरोग्य कार्यक्रमाची जबाबदारी नोकरीच्या दुसऱ्याच वर्षी तुझ्यावर सोपवली गेली, याचा मला मनापासून आनंद आहे. मात्र आराखड्याच्या पहिल्याच पानावर ‘खर्चलेल्या प्रत्येक डॉलरमागे तीन डॉलरची बचत’ हे ठळक अक्षरांतले वाक्य पाहिले आणि सविस्तर लिहिणे भाग पडले. ते वाक्य खोटे नाही, पण अर्धे आहे. आणि संचालकांपुढे अर्धे वाक्य घेऊन उभे राहणाऱ्याला वर्षभराने उरलेल्या अर्ध्याचा हिशेब द्यावा लागतो.

त्या आकड्याचे मूळ तुला ठाऊक असावे. कॅथरीन बेकर, डेव्हिड कटलर आणि झिरुई साँग या अमेरिकेतल्या संशोधकांनी २०१० मध्ये तोवरच्या अभ्यासांचा एकत्रित आढावा घेतला. त्यात खर्चलेल्या एका डॉलरमागे वैद्यकीय खर्चात ३.२७ डॉलर आणि गैरहजेरीच्या खर्चात २.७३ डॉलर वाचतात, असे दिसले. आकडा आकर्षक होता, कार्यक्रम विकणाऱ्या कंपन्यांना तो हवाच होता, आणि बघता बघता तो प्रत्येक माहितीपत्रकावर जाऊन बसला. पुढे काय झाले ते माहितीपत्रकांत येत नाही. त्याच साँग आणि बेकर यांनी नंतर एका मोठ्या किरकोळ विक्री कंपनीची १६० केंद्रे आणि सुमारे ३३ हजार कर्मचारी घेतले, यदृच्छेने, म्हणजे चिठ्ठ्या टाकल्यासारख्या, निवडलेल्या २० केंद्रांत कार्यक्रम राबवला आणि बाकीच्या केंद्रांशी तुलना केली. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार, दीड वर्षानंतर कार्यक्रमाच्या केंद्रांतले अधिक लोक आपण नियमित व्यायाम करतो, वजनाकडे लक्ष देतो, असे सांगू लागले होते. परंतु रक्तदाब, कोलेस्टेरॉल, वैद्यकीय खर्च आणि गैरहजेरी यांत नोंद घेण्याजोगा फरक पडलेला नव्हता. आपल्याच जुन्या आकड्याची अशी कठोर परीक्षा घेणाऱ्या संशोधकांविषयी मला आदर वाटतो. आपल्या क्षेत्रात असे क्वचित घडते.

दोन निष्कर्षांत एवढे अंतर का, याचे उत्तर इलिनॉय विद्यापीठात २०१६ मध्ये सुरू झालेल्या अभ्यासात सापडते. तेथे विद्यापीठाच्या ४,८३४ कर्मचाऱ्यांपैकी कोणाला कार्यक्रमाचे निमंत्रण द्यायचे आणि कोणाला नाही, हे यदृच्छेने ठरवले होते. संशोधकांनी हिशेब दोन्ही रीतींनी मांडून पाहिला. भाग घेणारे आणि न घेणारे यांची सरळ तुलना केली, तेव्हा कार्यक्रमाचा भरपूर लाभ दिसला. निमंत्रण मिळालेला गट आणि न मिळालेला गट यांची तुलना केली, तेव्हा तो लाभ जवळजवळ नाहीसा झाला. कारण साधे होते. जे आले, ते मुळातच अधिक निरोगी आणि कमी वैद्यकीय खर्चाचे होते. दोन गोष्टी मात्र खरोखर बदलल्या होत्या: अधिक लोकांची आरोग्य तपासणी झाली होती, आणि व्यवस्थापन आपल्या आरोग्याला व सुरक्षिततेला महत्त्व देते, असे मानणाऱ्यांचे प्रमाण वाढले होते. या दोन गोष्टी तू किरकोळ समजू नकोस; त्यांच्याकडे मी पुन्हा येणार आहे.

हे सारे वाचण्याच्या कितीतरी आधी मला ते एका हजेरीपटाने शिकवले होते. मी ज्या कारखान्यात होतो, तेथे आम्ही सकाळी अकरा ते एक या वेळेत, कार्यालयाच्या सभागृहात तपासणी शिबिर भरवले. शिबिराला गर्दी झाली, छायाचित्रे निघाली आणि ‘प्रतिसाद समाधानकारक’ असा अहवाल मीच लिहिला. चार दिवसांनी नोंदवही चाळताना लक्षात आले, की प्रेस यंत्रांच्या विभागातून अवघे चौघे आले होते. बाकी बहुतेक लेखा, खरेदी आणि नियोजन विभागांतले लोक होते, ज्यांतले निम्मे रोज पहाटे पळायला जात असत. प्रेसवरच्या माणसाला जागा सोडायची तर बदली माणूस लागतो, आणि बदली माणूस दिला तर त्या दिवशीचे उत्पादन सुपरवायझरच्या नावावर कमी पडते. आम्ही शिबिर सर्वांसाठी ठेवले होते, पण वेळ मात्र कार्यालयातल्यांच्या सोयीची होती.

पुढच्या वर्षी आम्ही टेबल उचलून फाटकाशी, हजेरीच्या यंत्राशेजारी नेले, पाळी बदलण्याची वेळ धरली आणि तपासणीचा अर्धा तास कामाच्या वेळेत मोजला. फोर्कलिफ्ट चालवणारा, चाळिशी नुकतीच ओलांडलेला एक गडी रांगेत हसतखिदळत उभा होता. त्याचा रक्तदाब १८० वर ११० निघाला. त्याला यंत्र बिघडले असे वाटले. परिचारिकेने त्याला दहा मिनिटे शांत बसवून पुन्हा मोजले, मग दुसऱ्या हातावर मोजले. आकडा हलला नाही. ‘मला तर काही होत नाही,’ एवढेच तो म्हणत राहिला, आणि उच्च रक्तदाबाचा धोका नेमका त्या वाक्यात असतो. त्याला गोळ्या सुरू झाल्या आणि पुढे त्याने कित्येक वर्षे काम केले. त्याला पक्षाघात झाला असता की नाही, हे कोणालाच सांगता येणार नाही. न झालेला पक्षाघात कोणत्याही खात्यात जमा दाखवता येत नाही.

तेव्हा कर्मचाऱ्याचा पहिला लाभ हा, की ज्याला रोजगार बुडवून डॉक्टरकडे जाणे परवडत नाही किंवा सुचत नाही, त्याच्यापर्यंत तपासणी चालत येते आणि आजार वेळेवर कळतो. पण कळल्यानंतरची वाट नसेल, तर तपासणी म्हणजे नुसती काळजी वाढवणे होय. मालकाच्या बाजूनेही खरा पैसा याच वाटेवर वाचतो. पेप्सिको कंपनीच्या कार्यक्रमाच्या अनेक वर्षांच्या आकडेवारीचा अभ्यास २०१४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात व्यायाम-आहाराच्या भागातून गुंतवलेल्या डॉलरमागे अर्धाच डॉलर परत आला, तर मधुमेह किंवा हृदयविकार असलेल्या कर्मचाऱ्यांचा सातत्याने पाठपुरावा करणाऱ्या भागातून ३.८० डॉलर परत आले. एकूण बचतीचा ८७ टक्के वाटा या दुसऱ्या भागाचा होता. तुझ्या आराखड्यात पावले मोजण्याच्या स्पर्धेला दीड पान दिले आहे आणि मधुमेहींच्या पाठपुराव्याला एक ओळ. हे प्रमाण उलटे करावेस, असे मी सुचवीन. (स्पर्धेत पहिला येण्यासाठी ते यंत्र घरातल्या अवखळ मुलाच्या मनगटाला बांधणारे महाभाग मी पाहिले आहेत.)

बक्षिसे मुळीच देऊ नयेत, असे माझे म्हणणे नाही. एका बहुराष्ट्रीय कंपनीतल्या ८७८ धूम्रपान करणाऱ्या कर्मचाऱ्यांवरचा अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात ज्यांना केवळ माहिती दिली, त्यांच्यातले ५ टक्के लोक वर्षाच्या सुमारास धूम्रपानापासून दूर होते. ज्यांना टप्प्याटप्प्याने एकूण ७५० डॉलरपर्यंत बक्षीस देऊ केले, त्यांच्यात हे प्रमाण १४.७ टक्के झाले. सोडले की नाही हे तपासता येते आणि ते बऱ्याच अंशी माणसाच्या हाती असते, म्हणून येथे बक्षीस चालते. वजन किंवा साखर जास्त म्हणून विम्याचा हप्ता वाढवणे ही मात्र निराळी गोष्ट आहे. त्यात आधीच आजारी असलेल्याच्या खिशातून निरोग्याला सवलत दिली जाते. तसली सूचना कोणी बैठकीत मांडली, तर तिला स्पष्ट विरोध कर.

आता एक माझ्या हातून घडलेली चूक सांगतो. एका वर्षी तपासणीनंतर नावे, वजने आणि रक्तातील साखरेचे आकडे असलेली यादी एका विभागप्रमुखाच्या टेबलावर दोन दिवस उघडी पडून राहिली. कोणी मुद्दाम काही केले नव्हते. मात्र त्याच महिन्यात यादीतल्या एकाची बढती लांबली, आणि दोन गोष्टींचा संबंध असो वा नसो, तो जोडला गेला. पुढच्या वर्षी निम्मी माणसे आली नाहीत, आणि जी आली, त्यांतल्या कित्येकांनी झोप, मद्य, ताण याविषयीचे प्रश्न कोरे सोडले. म्हणून व्यक्तिगत नोंदी डॉक्टरांकडेच राहतील, व्यवस्थापनाला केवळ एकत्रित आकडे मिळतील, आणि पाच-सात जणांच्या विभागाचे आकडे वेगळे दिलेच जाणार नाहीत, हे लेखी ठरवून घे. समुपदेशनाच्या बाबतीत तर हे अधिकच खरे आहे, कारण कोण समुपदेशकाकडे गेला हे वरिष्ठांना कळते अशी नुसती शंका आली, तरी ती खोली रिकामी राहते.

मानसिक आरोग्याविषयी तू एक व्याख्यान आणि एक ध्यानाचे ॲप सुचवले आहेस. नैराश्य आणि चिंताविकार यांमुळे जगभरात दरवर्षी सुमारे १२ अब्ज कामाचे दिवस वाया जातात, हा जागतिक आरोग्य संघटनेचा अंदाज तू उद्धृत केला आहेस, तो योग्यच आहे. त्याच संघटनेच्या २०२२ च्या मार्गदर्शक सूचनांमध्ये कामाची रचना बदलणे आणि व्यवस्थापकांना प्रशिक्षण देणे यांवर भर आहे, तो भाग मात्र तुझ्याकडून सुटला. ऑक्सफर्डच्या विल्यम फ्लेमिंग यांनी २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात ब्रिटनमधल्या २३३ संस्थांतल्या ४६,३३६ कर्मचाऱ्यांची उत्तरे तपासली. ॲप, ताण-व्यवस्थापनाचे वर्ग, चिवटपणाचे प्रशिक्षण यांत भाग घेणारे कर्मचारी न घेणाऱ्यांपेक्षा अधिक सुखात असल्याचे त्यांना आढळले नाही. आठवड्याला ५५ किंवा त्याहून अधिक तास काम करणाऱ्यांत पक्षाघाताचा धोका, ३५ ते ४० तास काम करणाऱ्यांच्या तुलनेत, सुमारे ३५ टक्के अधिक असतो, हे जागतिक आरोग्य संघटना आणि आंतरराष्ट्रीय श्रम संघटना यांनी २०२१ मध्ये मांडले. लंडनच्या सरकारी कचेऱ्यांतल्या दहा हजारांहून अधिक नोकरदारांचा अभ्यास १९८५ मध्ये मायकेल मार्मट यांच्या नेतृत्वाखाली सुरू झाला. ज्यांच्या हाती आपल्या कामावरचे नियंत्रण कमी, त्यांच्यात हृदयविकार अधिक, असे त्यातून पुढे आले. अशा माणसाला साठ तास राबवून शनिवारी ध्यान शिकवायचे, याला मी कार्यक्रम म्हणणार नाही.

आमच्या पॅकिंग विभागात कंबरदुखीच्या तक्रारी फार होत्या. मी मोठ्या उत्साहाने व्यायाम शिक्षक नेमला. तीन महिने वर्ग चालला, तक्रारी तेवढ्याच राहिल्या. अखेर तेथल्या एका ज्येष्ठ बाई मला टेबलापाशी घेऊन गेल्या, एक खोका भरून दाखवला आणि म्हणाल्या, ‘साहेब, दिवसाला सहाशे वेळा एवढे वाकायचे आहे. आमची कंबर राहू द्या, हे टेबल उचला.’ सुताराने चारही पायांखाली चार इंचांचे ठोकळे बसवले आणि बुटक्या बायकांसाठी फळ्यांचा ओटा केला. त्याला एक दुपार लागली. व्यायामाचा वर्ग नंतरही सुरू राहिला, कारण तो लोकांना आवडू लागला होता. पण कंबरेचे श्रेय त्याला देऊ नये. आरोग्याच्या कार्यक्रमातून मालकाला काय मिळते, असे मला कोणी विचारले, तर मी ही दुपार सांगतो. जी माणसे वर्षभर वाकत होती, त्यांना प्रथमच कोणी विचारले होते. त्यानंतर त्याच विभागातून यंत्राच्या सैल झाकणाची, निसरड्या जागेची सूचना अपघात होण्याआधी येऊ लागली. इलिनॉयमध्ये बदललेल्या दोन गोष्टींपैकी दुसरी गोष्ट मी किरकोळ समजू नकोस म्हणालो, ते याचमुळे.

संचालकांपुढे तीनपट बचतीचे आश्वासन देऊ नकोस. त्याऐवजी त्यांना सांग, की पहिल्या सहा महिन्यांत कार्यक्रम निम्म्या विभागांत सुरू होईल, ते विभाग चिठ्ठ्या टाकून निवडले जातील आणि उरलेल्यांना तो नंतर मिळेल. म्हणजे तुलना प्रामाणिक होईल. शिबिराला किती आले हे मोजण्यापेक्षा, ज्यांना उच्च रक्तदाब आहे हे कळले, त्यांच्यापैकी किती जणांचा सहा महिन्यांनी आटोक्यात आला, हे मोज. आजारपणाची रजा, राजीनामे आणि लहानमोठे अपघात यांच्या नोंदी तुमच्याकडे आधीपासून असतीलच. आजारी असूनही कामावर येऊन अर्धवट मनाने काम करणाऱ्यांचे मोजमाप अवघड असते. त्यासाठी विकत मिळणाऱ्या सुबक प्रश्नावल्यांवर मी फारसा विसंबत नाही.

बैठकीला तीन आठवडे आहेत. त्याआधी मला दोन कागद पाठव: रात्रपाळीचे वेळापत्रक आणि गेल्या सहा महिन्यांतल्या ओव्हरटाइमची विभागवार यादी. पोस्टरचे नमुने त्यानंतर पाहू.

तुझा हितचिंतक