एमएस्सी केमिस्ट्री झालंय, हवामानशास्त्र कधी शिकलो नाही. हवा प्रदूषण आणि हवामानबदलाच्या संशोधनात जाता येईल का?

हो, येईल, उलट तिथे केमिस्ट हवेच असतात. मी याच विषयात पीएचडीच्या तिसऱ्या वर्षाला आहे आणि हवामानशास्त्राचा एकही पेपर न देता आलो. पीएम २.५ (हवेतले २.५ मायक्रॉन किंवा त्याहून बारीक कण) चा नमुना म्हणजे फिल्टरवरची धूळ. पंप मिनिटाला सुमारे १६.७ लिटर हवा ओढतो, म्हणजे २४ तासांत साधारण २४ घनमीटर. आपल्याकडची २४ तासांची मर्यादा ६० मायक्रोग्रॅम प्रति घनमीटर. तेवढं प्रदूषण असलं तरी फिल्टरवर जेमतेम दीड मिलिग्रॅम जमतं! त्यातून सल्फेट, नायट्रेट, अमोनियम आयन क्रोमॅटोग्राफीवर वेगळे काढायचे, काजळी निराळी मोजायची. क्वार्ट्झ फिल्टर आधी भट्टीत भाजून घेतला नाही, की त्याच्यावरचाच कार्बन हवेच्या नावावर चढतो. अशी काळजी घ्यायची सवय केमिस्टला असतेच. हवामानाशी संबंधही इथूनच लागतो: सल्फेट सूर्यप्रकाश परतवून थंडावा आणतं, काजळी तो शोषून तापवते.

प्रवेशासाठी नेट किंवा गेट द्या आणि पुण्याची भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्था, अहमदाबादची भौतिक संशोधन प्रयोगशाळा यांच्या जाहिरातींवर लक्ष ठेवा.

फक्त एक, पायथॉन प्रोग्रॅमिंग आणि संख्याशास्त्र टाळता येणार नाही. दर मिनिटाचे वर्षभराचे आकडे एक्सेलमध्ये उघडून बघा, म्हणजे कळेल.