फारकत लिहून दिली म्हणून मुलीची पोटगी बुडत नाही

प्रश्न : माझं सासर निफाड तालुक्यात, घरची द्राक्षबाग आहे, नवरा अंबडला कारखान्यात कामाला. संशय, शिवीगाळ, दोनदा मारहाण झाल्यावर तीन वर्षांपूर्वी मुलीला घेऊन पंचवटीत माहेरी आले. गेल्या वर्षी बैठकीत पाचशेच्या स्टॅम्पवर फारकत लिहून घेतली : ‘राजीखुशीने वेगळे झालो, स्वतःची व मुलीची पोटगी मागणार नाही.’ नोटरी झाली आहे. मुलगी आता सात वर्षांची. मी दुकानात नऊ हजारांवर काम करते. घटस्फोट झाला का? मुलीसाठी काही मागता येईल का?

उत्तर : ताई, घटस्फोट झालेला नाही. नोटरीच्या शिक्क्याने लग्न मोडत नाही. हिंदू विवाह कायदा, १९५५ प्रमाणे त्याला न्यायालयाचा हुकूमनामा लागतो. रूढीने मिळालेली फारकत कायदा मानतो, पण तशी जुनी, अखंड रूढी तुमच्या समाजात आहे हे पुराव्याने सिद्ध करावं लागतं. बैठकीला चार वडीलधारी बसले होते, एवढ्याने ती सिद्ध होत नाही. या कागदाच्या भरवशावर नवऱ्याने दुसरं लग्न केलं, तर ते लग्न रद्दबातल आणि वर गुन्हा.

आता मुलीचं, कारण घाई तिथे आहे. तिची पोटगी हा तिचा हक्क आहे. जो तुमचा नव्हताच, तो तुम्ही लिहून देऊन कसा सुटेल? तुमच्या स्वतःच्या पोटगीबद्दलचं वाक्यही न्यायालयात टिकत नाही. कायद्याने दिलेला हा हक्क कराराने काढून घेता येत नाही. तुमचे नऊ हजार रक्कम ठरवताना धरले जातील, पण त्यामुळे बापाची जबाबदारी संपत नाही.

पोटगीसाठी घटस्फोटाची वाट बघू नका. नवी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, कलम १४४ (पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १२५) खाली नाशिकच्या कौटुंबिक न्यायालयात तुमचा आणि मुलीचा अर्ज आजही करता येतो. सोबत अंतरिम, म्हणजे निकाल लागेपर्यंतच्या, पोटगीचा अर्ज द्या. तो शक्यतो साठ दिवसांत निकाली काढावा असं कायदा म्हणतो. तारखा पडतात, हे मी रोज बघते. पण सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालानंतर पोटगी अर्जाच्या तारखेपासून मोजली जाते. म्हणजे दिवाळीनंतर बघू म्हणालात, तर दिवाळीपर्यंतचे महिने गेले.

त्याच निकालाने दोघांनाही उत्पन्न-मालमत्तेचं शपथपत्र सक्तीचं केलं आहे. ‘पगार थोडा, बाग वडिलांची’ हे उत्तर नवऱ्याकडून येणार, असं धरून चाला. त्यांची पगाराची पावती किंवा बँकेचा उतारा हाती असेल तर जोडा. द्राक्षबागेचा सातबारा काढा आणि त्याबरोबर फेरफारही. जमीन सासऱ्यांनी विकत घेतली की वारसाने आली, हे फेरफारात दिसतं आणि नवऱ्याचा हिस्सा निघतो का, ते त्यावरून तपासता येतं. खर्चाची एक वही करा : शाळेची फी, रिक्षावाल्या काकांचे महिन्याचे पैसे, गणवेश, तापाच्या औषधाची पावतीसुद्धा. ‘महिना दहा हजार द्या’ असं नुसतं म्हणण्यापेक्षा ती वही जास्त बोलते.

घटस्फोटाच्या कारणाबाबत मात्र जपून. सलग दोन वर्षं टाकून दिलं, हे एक कारण कायद्यात आहे आणि तुम्हाला तेच सोपं वाटेल. पण ‘राजीखुशीने वेगळे झालो’ या ओळीवर समोरचा वकील बोट ठेवेल. संमतीने वेगळं राहणं म्हणजे टाकून देणं नव्हे. म्हणून माझा भर क्रूरतेवर राहील. मारहाणीनंतर दवाखान्यात गेला होतात का? भावाला तेव्हा पाठवलेला मेसेज आहे का? शेजारीण साक्ष देईल का? हे आधी गोळा करा. नवराही तयार असेल तर हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३-ब खाली संमतीचा घटस्फोट लवकर होतो, पण मुलीचा खर्च अटींमध्ये आकड्यानिशी लिहिल्याशिवाय सही करू नका. एकदा फसलात, ती सही घाईतलीच होती.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करा. महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. आदेशानंतर पैसे थकले तर वर्षाच्या आत वसुलीचा अर्ज टाका, नंतर त्या थकबाकीसाठी वॉरंट मिळत नाही. आणि तो स्टॅम्प रागाने फाडू नका. पहिल्या भेटीला मूळ कागद आणि वही, दोन्ही घेऊन या.