मनातली गाठ आणि स्तनातली गाठ

प्रश्न : माझ्या ४६ वर्षांच्या ताईची स्तनाच्या कर्करोगाची शस्त्रक्रिया झाली. दोन केमोनंतर ती पुढचे उपचार नको म्हणते. एका ऑनलाइन आत्मोपचार वर्गात तिला सांगितले आहे की, सासूबद्दलचा दाबलेला राग गाठ होऊन बाहेर आला; क्षमा केली की शरीर आपोआप बरे होते. मी विरोध केल्यापासून माझे ‘नकारात्मक विचार’ बाधतात म्हणून ती फोन घेत नाही. काय करू?
– धाकटी बहीण, सांगली

उत्तर : क्षमा करण्याला माझा आक्षेप नाही, सासरी काय सोसले ते ताईच जाणे. परंतु रागामुळे कर्करोग झाला असे म्हणणे म्हणजे आजारी बाईलाच आरोपी ठरवणे होय, कारण उद्या आजार उलटला तर ‘तुम्ही मनापासून क्षमा केली नाही’ असे सांगायला वर्गचालक मोकळे. मला चीड येते ती याची.

वर्गात ऐकवले जाणारे अनुभव खोटेच असतील असे नाही, ते बहुधा अर्धे सांगितलेले असतात. नोव्हेंबर २०२४ मध्ये नवज्योतसिंग सिद्धू यांनी पत्नीच्या कर्करोगमुक्तीचे श्रेय कडुनिंब, हळद आणि उपवासाच्या आहाराला दिले, तेव्हा टाटा मेमोरियलच्या आजी-माजी २६२ कर्करोगतज्ज्ञांना निवेदन काढून सांगावे लागले की, याला भक्कम पुरावा नाही आणि उपचार लांबवू नयेत. त्यांच्या पत्नीची शस्त्रक्रिया आणि केमोही झाली होती. पुढे सिद्धू यांनीही हा आहार डॉक्टरांच्या सल्ल्याने होता असा खुलासा केला. तो किती जणांपर्यंत पोहोचला असेल? ताईचेही तसेच आहे. तिची गाठ शस्त्रक्रियेने निघाली आहे आणि केमो मागे राहिलेल्या, तपासणीत न दिसणाऱ्या पेशींसाठी आहे. म्हणून आज तिला बरे वाटते याचे श्रेय वर्गाला जात नाही.

तरीही वर्ग सोड असे तिला म्हणू नका. बाह्यरुग्ण विभागात तिला पाच मिनिटे मिळत असतील. त्या वर्गात कोणीतरी तासभर तिचे ऐकून घेते. ध्यान, प्राणायाम, क्षमा हे सारे केमोच्या जोडीने चालू दे, एवढेच मागा. केमोत नेमके काय सोसवत नाही ते विचारा. उलट्या, तोंड येणे, केस जाणे यांपैकी पहिल्या दोहोंवर औषधे आहेत आणि ती बदलूनही मिळतात, पण त्यासाठी डॉक्टरांना कळायला हवे. केमोचे अंतर फार वाढू नये, म्हणून याच आठवड्यात भावोजींना घेऊन डॉक्टरांना भेटा. ताई आली नाही तरी तुम्ही जा.

कर्करोग बरा करणाऱ्या औषधांच्या आणि जादूच्या उपायांच्या जाहिरातींना १९५४ च्या कायद्याने बंदी आहे. मात्र तक्रारीचा विचार नंतर करा. आत्ता तक्रार केलीत तर ताई त्यांची बाजू घेईल.

फोन घेत नसेल तर जेवणाचा डबा घेऊन जा. सासूबाईंचा विषय तिने काढलाच, तर त्या दिवशी केमोचे नाव काढू नका.