'नाट्याचार्य' म्हणजे नाटककारच का?

शिशिरकुमार भादुडी (1889-1959) यांच्या नावामागे बंगालीत 'नाट्याचार्य' ही उपाधी लावतात. परंतु त्यांची ख्याती नट म्हणून असल्यामुळे मराठी लेखात ती तशीच ठेवावी की 'नटवर्य' करावी, असे आपण विचारले आहे. माझ्या मते ती तशीच ठेवावी.

मराठीत नाट्याचार्य म्हटले की देवल आणि खाडिलकर आठवतात, आणि दोघेही नाटककार असल्यामुळे उपाधीलाच 'थोर नाटककार' असा अर्थ चिकटला आहे. वास्तविक आचार्य म्हणजे शिकवणारा. 'शारदा'कार गोविंद बल्लाळ देवल हे नाटक मंडळ्यांच्या बोलीत सांगायचे तर पट्टीचे तालीममास्तरही होते, आणि किर्लोस्कर मंडळीत नव्याने आलेल्या बालगंधर्वांना त्यांचीच तालीम मिळाली. संस्कृतातही हाच अर्थ दिसतो. कालिदासाच्या 'मालविकाग्निमित्रा'तील गणदास आणि हरदत्त हे दोघे नाट्याचार्य म्हणवतात, ते नाटके लिहितात म्हणून नव्हे. त्यांच्यात जुंपते तीही श्रेष्ठ आचार्य कोण यावरून, आणि त्यांची परीक्षा ठरते ती शिष्येच्या प्रयोगावरून. त्या वादात परिव्राजिका (नाटकातील संन्यासिनी) जो निकष सांगते तो असा की, कोणाची कला स्वतःपुरती उत्तम असते, कोणाला ती दुसऱ्यात उतरवता येते, आणि ज्याला दोन्ही साधते त्यालाच शिक्षकांत अग्रस्थान द्यावे.

शिशिरकुमार या निकषाला पुरेपूर उतरतात. कोलकात्यात इंग्रजीचे अध्यापक असलेल्या या गृहस्थांनी नोकरी सोडून 1921 मध्ये 'आलमगीर'मधून व्यावसायिक रंगभूमीवर पाऊल टाकले, आणि 1924 च्या 'सीता'त रामाची भूमिका करतानाच संपूर्ण प्रयोगाची बांधणी आपल्या हाती ठेवली. तोवर एकट्यादुकट्या बड्या नटाच्या नावावर नाटक चालत असे. त्यांनी दुय्यम पात्रांपासून नेपथ्य-प्रकाशापर्यंत सर्व काही एका सूत्रात आणले, म्हणून बंगाली रंगभूमीचे पहिले आधुनिक दिग्दर्शक असाही त्यांचा उल्लेख होतो. पुढे सौमित्र चटर्जींसारखा नट त्यांना गुरुस्थानी मानत असे. 'नटवर्य' लिहिल्यास यातील अर्धे कर्तृत्व गळून पडते. (शिवाय हे विशेषण आपण इतक्या सढळ हाताने वाटले आहे की त्याला आता फारसे वजन उरलेले नाही.)

एका शब्दापाशी मात्र सावध राहावे. शिशिरकुमारांनी राष्ट्रीय रंगभूमीचा आग्रह अखेरपर्यंत धरला. 1942 पासून चालवलेले 'श्रीरंगम' नाट्यगृह 1956 मध्ये हातचे गेल्यावरही त्यांनी तो सोडला नाही, आणि 1959 मध्ये पद्मभूषण नाकारला तोही याच भूमिकेतून. बंगाली मजकुरात या मागणीसाठी 'जातीय नाट्यशाला' असे शब्द भेटतील. बंगालीत 'जातीय' म्हणजे राष्ट्रीय; मराठीत तो शब्द तसाच उतरवल्यास अर्थाचा अनर्थ होईल, तेव्हा तेथे 'राष्ट्रीय नाट्यगृह' असेच लिहावे.